लिंगभेद नव्हे, लिंगभिन्नता: मिलानच्या बायकांचा एक विचार (आणि एका शब्दासाठी मदत हवी आहे)

अबोली

मंडळी, मी सात वर्षं मिलानमध्ये राहते. काम हिशेबाचं आहे, त्यामुळे तत्त्वज्ञान हा काही माझा प्रांत नाही. पण गेली तीन वर्षं शनिवारी दुपारी मी व्हिया पिएत्रो काल्वी या रस्त्यावरच्या ‘लिब्रेरिया देल्ले दोन्ने’त, म्हणजे बायकांच्या पुस्तकाच्या दुकानात जाते. फडताळांवर सगळ्या लेखिकाच. आधी इटालियन सुधारावं म्हणून जायचे, आता त्या पुस्तकांसाठी जाते.

सांगलीला माझ्या मावसबहिणीचा वाचनगट आहे, नऊ जणींचा. त्यांनी फर्मान काढलं, “त्या बायका नेमकं काय म्हणतात ते आम्हाला मराठीत लिहून पाठव.” लिहायला बसले आणि पहिल्याच शब्दाला अडले.

तो शब्द म्हणजे ‘दिफ्फेरेन्त्सा सेस्सुआले’. शब्दकोशात बघितलं तर लिंगभेद. पण लिंगभेद म्हटलं की आपल्याला मुलाच्या ताटात तूप आणि मुलीच्या ताटात कोरडी पोळी दिसते. आपल्याकडे भेद म्हणजे भेदभावच. या बायकांना तर बरोबर उलटं म्हणायचंय. त्या म्हणतात, बाईचं शरीर घेऊन जन्माला येणं ही जगातली एक मूळ गोष्ट आहे, आणि ती पुसून टाकून नव्हे, तिच्यातूनच विचार सुरू झाला पाहिजे. म्हणून मी ‘लिंगभिन्नता’ लिहिलं. कानाला जड लागतं, पण निदान अर्थाचा अनर्थ होत नाही.

थोडं मागचं सांगते. इटलीत बायकांना मतदानाचा हक्क मिळाला तो दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस, 1945 मध्ये, आणि 1946 च्या निवडणुकांत त्यांनी तो पहिल्यांदा बजावला. घटस्फोट 1970 साली आला. 1981 पर्यंत तिथल्या दंडसंहितेत असं कलम होतं की बलात्कार करणाऱ्यानं त्या मुलीशीच लग्न केलं तर गुन्हा माफ. सिसिलीतल्या आल्कामो गावच्या फ्रांका व्हिओला या मुलीनं 1966 मध्ये असं लग्न करायला नकार दिला आणि खटला उभा केला. सगळा देश हादरला, तरी कलम जायला पुढं पंधरा वर्षं लागली. बलात्कार हा ‘सार्वजनिक नीतिमत्तेविरुद्ध’चा नव्हे तर माणसाविरुद्धचा गुन्हा आहे, हे कायद्यात यायला तर 1996 उजाडलं.

अशा देशात 1970 च्या जुलैमध्ये रोमच्या भिंतींवर एक जाहीरनामा लागला. ‘रिव्होल्ता फेम्मिनिले’ या गटाचा. त्यामागे होत्या कार्ला लोंझी, चित्रकार कार्ला आक्कार्दी आणि एल्व्हिरा बानोत्ती. शेवटचं वाक्य होतं की आम्ही फक्त बायकांशी संवाद करू. लोंझी तोवर नावाजलेली कलासमीक्षक होती. 1969 मध्ये तिनं चौदा कलावंतांशी टेपरेकॉर्डर लावून केलेल्या गप्पांचं पुस्तक काढलं आणि समीक्षेला रामराम ठोकला. त्या चौदांत बाई एकच, आक्कार्दी.

लगेच 1970 सालीच लोंझीनं ‘हेगेलवर थुंकूया’ नावाचा निबंध लिहिला. नाव ऐकून दचकायला होतं, पण आत फार शांत डोक्यानं केलेली मांडणी आहे. ती म्हणते, हेगेल या जर्मन तत्त्वज्ञाच्या मालक आणि दासाच्या गोष्टीत बाई कुठंच नाही. दास जिंकला तर मालक होईल. बाई जिंकली तर कोण होईल? आणि समतेबद्दल ती म्हणते की समता म्हणजे वसाहतीतल्या लोकांना कायदे आणि हक्कांच्या पातळीवर जे देऊ केलं जातं ते. हे वाक्य मी ट्रामच्या थांब्यावर उभ्या उभ्या वाचलं आणि माझी ट्राम गेली. वसाहतीतल्या लोकांची पणती म्हणून ते मला जितकं कळलं, तितकं शेजारी उभ्या असलेल्या इटालियन बाईला कळलं असतं का, कोण जाणे.

मिलानचं दुकान सुरू झालं 1975 मध्ये, तेव्हा ते व्हिया दोगानावर होतं, अगदी दुओमोच्या, म्हणजे मिलानच्या मोठ्या चर्चच्या जवळ. पैसे उभे करायला आक्कार्दीसारख्या बाई-कलावंतांनी आपली छापचित्रं दिली. लिआ चिगारिनी ही वकील आणि लुइझा मुरारो ही तत्त्वज्ञ, या दोघी त्यात पहिल्यापासून. या मंडळींचं ‘सोत्तोसोप्रा’ नावाचं नियतकालिक 1973 पासून अधूनमधून निघायचं. शब्दाचा अर्थ ‘उलथापालथ’. 1983 च्या जानेवारीतल्या हिरव्या अंकात त्यांनी एक गोष्ट कबूल केली, जी तोवर चळवळीत कुणी मोठ्यानं म्हणत नव्हतं: आम्हाला जिंकायची इच्छा आहे. घराबाहेरच्या जगात वावरताना आम्ही अडखळतो, अवघडतो, आणि तरीही आम्हाला जिंकायचंय.

आता माझा खरा अडलेला शब्द. ‘आफ्फिदामेंतो’. एक बाई दुसऱ्या बाईकडे बघून म्हणते की हिच्यापाशी असं काहीतरी आहे जे माझ्यापाशी नाही आणि मला हवंय. मग ती स्वतःला, म्हणजे स्वतःची इच्छा, स्वतःचा पुढचा रस्ता, तिच्या भरवशावर सोपवते. ती दुसरीही हे ओळखून स्वीकारते. दोघी समान नाहीत हे दोघींना ठाऊक, आणि त्या असमानतेतूनच जोर येतो. 1987 मध्ये या गटानं मिळून लिहिलेल्या पुस्तकाचा हा गाभा. पुस्तकाचं नाव सिमोन वेय या फ्रेंच तत्त्वज्ञ बाईच्या टिपणातून घेतलंय, ‘आपल्याला हक्क आहेत असं समजू नका’ अशा अर्थाचं. त्यात या नात्याचं उदाहरण म्हणून बायबलमधल्या रूथ आणि नामी येतात.

या नात्याला मराठीत काय म्हणायचं? ‘विश्वास’ फार पातळ होतो. ‘शरणागती’ चुकीचं. ‘गुरू-शिष्या’ म्हटलं की पाया पडणं आलं. सुचवा.

पाटाचं_पाणी

अबोली, धागा छान. पण रूथ आणि नामी म्हणजे सून आणि सासू ना? मी मिशन शाळेत शिकलेय, ती गोष्ट पाठ होती आम्हाला. मग उदाहरण म्हणून सासू-सूनच मिळाली त्यांना? आमच्याकडं सून सासूच्या भरवशावर नसते, तिच्या ताब्यात असते. तुमच्या वाचनगटातल्या नऊपैकी निम्म्या जणी तिथंच पुस्तक मिटवतील बघा.

अबोली

मलाही आधी तसंच वाटलं होतं. पण गोष्ट पुन्हा वाचा. रूथचा नवरा मेलाय, नामीचाही मेलाय, नामीचा दुसरा मुलगाही मेलाय. सासू-सून हे नातं ज्या पुरुषांमुळे होतं ते कुणीच उरलेले नाहीत. नामी स्वतः दोन्ही सुनांना म्हणते, परत आपापल्या माहेरी जा. एक जाते. रूथ जात नाही. ती म्हणते, तुम्ही जाल तिथं मी येईन. म्हणजे बंधन तुटल्यावर, कुणाचा धाक नसताना, तिनं ते नातं स्वतः निवडलं. मिलानच्या बायकांना नेमकं तेच हवंय. नातं लादलेलं असेल तर तो आफ्फिदामेंतो नव्हेच.

भाषावेडा

शब्द सुचवतो. ‘ओटीत घालणे’. लग्नात मुलीची आई विहिणीला म्हणते, “लेक तुमच्या ओटीत घातलीय.” मूल दत्तक देतानाही तेच. सोपवणंही आलं, बाईनं बाईकडं सोपवणंही आलं आणि शरीरही आलं. दुसरा पर्याय, ‘पदर धरणे’. इटालियनमध्ये हा शब्द आणखी कुठं वापरतात?

अबोली

भाषावेडा, ‘ओटीत घालणे’ वाचून अंगावर काटा आला! आणि गंमत बघा, इटालियनमध्येही हा कोर्टातला शब्द आहे. घटस्फोटात मूल कुणाकडे राहणार, किंवा आईबापांना सांभाळता येत नाही असं मूल काही काळ दुसऱ्या घरी ठेवायचं, त्याला हाच शब्द.

पण एक अडचण आहे. ओटीत घालणारी तिसरीच असते. मुलगी गप्प उभी असते. इथं घालणारी आणि घातली जाणारी एकच. ‘पदर धरणे’ जवळ येतं, पण त्यात आधार मागणारं लेकरू दिसतं. या बायका आधार नाही मागत, बळ मागतात.

विचारवेध

मनापासून एक आक्षेप मांडतो, राग नसावा. इटलीच्या बायकांच्या आयुष्यात जो बदल झाला तो मला कायद्यानं झालेला दिसतो. 1974 च्या सार्वमतात 59 टक्के लोकांनी घटस्फोटाचा कायदा राखला. 1976 मध्ये तीना आन्सेल्मी पहिली महिला मंत्री झाली, पुढच्याच वर्षी नोकरीतल्या समान वागणुकीचा कायदा आला. 1978 मध्ये गर्भपाताचा कायदा क्रमांक 194, आणि 1981 च्या सार्वमतात 68 टक्क्यांनी तो टिकवला. हे सगळं समतेच्या भाषेत झालं. ‘आम्ही वेगळ्या आहोत’ ही भाषा तर आजवर पुरुषांनीच वापरली, बाईला चुलीपाशी ठेवण्यासाठी. मग वेगळेपणाचा हट्ट धरून हाती काय आलं?

अबोली

विचारवेध, हा प्रश्न येणारच होता आणि तो योग्यच आहे.

आधी वेगळेपणाबद्दल. ‘बाई वेगळी म्हणून प्रेमळ, सहनशील, घरासाठी’ असं म्हणणारे बाई काय आहे हे आधीच ठरवून मोकळे झालेले असतात. लोंझी आणि मुरारो काही ठरवत नाहीत. भिन्नता म्हणजे गुणांची यादी नाही. बाईनं स्वतःपासून सुरुवात करून बोलायचं आणि मग काय निघतं ते बघायचं. ‘पार्तिरे दा से’, स्वतःपासून निघणं, हा त्यांचा रोजचा शब्द.

आता कायदा. गर्भपाताच्या प्रश्नावर मिलानचा गट मोर्च्यांत सामील झाला नाही आणि त्यावरून त्यांना खूप बोलणी बसली. गर्भपात गुन्हा नसावा हे त्यांना हवंच होतं. पण त्याचा कायदा करून राज्याच्या हातात किल्ल्या देऊ नका, असं त्या म्हणत होत्या. बाईच्या पोटात काय व्हावं हे ठरवायला समिती, डॉक्टर, दवाखाना मध्ये आले की निर्णय पुन्हा दुसऱ्याचा होतो. आज काय चित्र आहे? 194 मध्येच डॉक्टरला सद्सद्विवेकाच्या नावाखाली नकार द्यायची मुभा आहे, आणि सरकारी अहवालांनुसार इटलीतले साधारण 60 टक्के स्त्रीरोगतज्ज्ञ ती वापरतात. माझ्या ओळखीतल्या एका मुलीला तीन दवाखाने पालथे घालावे लागले, त्यातही आठवडे मोजायचे होते. हक्क कागदावर शाबूत होता.

म्हणून मी असं म्हणत नाही की कायदा नको होता. तीना आन्सेल्मीचं ऋण मी मानते. पण कायदा दार उघडतो, आत गेल्यावर तुमच्या बोलण्याला वजन कुठून येतं, ते तो देऊ शकत नाही. माझ्या पहिल्या ऑफिसात बैठकीत मी एक चूक दाखवली होती. कुणी ऐकलं नाही. दहा मिनिटांनी तीच चूक एका पुरुषानं दाखवली आणि वहीत नोंद झाली. समान पगार होता मला तिथं.

सुईदोरा

“वहीत नोंद झाली” हे अगदी पटलं, आम्ही सगळ्याच त्यातून गेलोय.

मुरारोंबद्दल थोडं वाचलंय. त्यांच्या 1981 च्या एका छोट्या पुस्तकाचं नावच ‘विणकाम की क्रोशे’ असं आहे. रूपक आणि लक्षणा यांच्यातल्या वैराबद्दल आहे ते. रूपकात एका गोष्टीच्या जागी दुसरी बसते, लक्षणेत शेजारच्या गोष्टीला हात धरून पुढं जायचं असतं. त्यांचं म्हणणं असं की आपल्या संस्कृतीत रूपकाचं राज्य फार झालंय, अनुभवाच्या जागी त्याचं नाव येऊन बसतं आणि अनुभव बाजूला पडतो. मी आयुष्यभर क्रोशे करतेय. एक टाका शेजारच्या टाक्यातूनच निघतो, उडी मारता येत नाही. नात घरी आली की पहिल्यांदा साखळी घालायला शिकते, तेव्हा तिला मी नियम नाही सांगत, तिच्या हातावर हात ठेवते. अशा गोष्टीवरून कुणी भाषेचं तत्त्वज्ञान लिहिलं याचं मला फार बरं वाटलं.

अबोली

सुईदोराताई, किती सुंदर! मुरारोंचं पुढचं मोठं पुस्तक याच धाग्यातून निघतं असं मला वाटतं. 1991 चं, ‘आईची प्रतीकव्यवस्था’ असं नाव देता येईल. पहिल्या प्रकरणाचा विषयच ‘सुरुवात करण्यातली अडचण’. तत्त्वज्ञ म्हणून त्या सांगतात की मला सुरुवात कुठून करावी ते सापडत नव्हतं, कारण तत्त्वज्ञानानं मला आईपासून तोडून विचार करायला शिकवलं होतं. मग त्यांना दिसलं की सुरुवात झालेलीच आहे. बोलायला मी आईकडून शिकले. जग आणि शब्द एकदमच मिळाले, एकाच तोंडून, आणि त्या वयात ते खरं की खोटं असा प्रश्नच नव्हता. ती पहिली अधिकारवाणी. ती पुसली गेली म्हणून बाईला पुढं कुठल्याच बाईचा अधिकार मानता येत नाही, असं त्यांचं निदान आहे. ‘आईवर प्रेम करता येणं’ ही त्यांच्यासाठी भावनेची गोष्ट नाही, विचार करण्याची पूर्वअट आहे.

आपल्याला हे सांगायला फार शब्द लागत नाहीत. आपण भाषेला मायबोली म्हणतोच.

भाषावेडा

आणि मराठी क्रियापद! ‘मी गेले’ म्हटलं की बाई बोलतेय हे कळलंच. इंग्रजीत ‘मी’ला लिंग चिकटत नाही. इटालियनमध्ये?

अबोली

इटालियनमध्येही ‘गेले’ला वेगळं रूप आहे, पण सगळ्या क्रियापदांना नाही. ‘मी विचार करते’ मध्ये तिथं काही कळत नाही. आणि गंमत म्हणजे आद्रियाना काव्हारेरो बरोबर तिथंच बोट ठेवतात. व्हेरोना विद्यापीठात 1983 च्या सुमारास मुरारो, काव्हारेरो, किआरा झांबोनी वगैरेंनी ‘दिओतिमा’ नावाचा तत्त्वज्ञ बायकांचा गट सुरू केला. त्यांचं पहिलं पुस्तक 1987 चं. त्यात काव्हारेरो म्हणतात की तत्त्वज्ञानातला ‘मी’ स्वतःला तटस्थ म्हणवतो, ना पुरुष ना बाई. पण तो ‘मनुष्य’ नीट बघितलात तर पुरुषच असतो, त्यानं आपलं लिंग सगळ्यांच्या नावावर चढवलेलं असतं. बाईला त्या ‘मी’मध्ये बसायचं तर आपलं बाई असणं दाराबाहेर ठेवून यावं लागतं, जणू ते एक जास्तीचं सामान आहे. ‘मी विचार करते’ हे मराठीत लिहिताना मला पहिल्यांदा वाटलं की या एका वाक्यात आपण ‘मी विचार करतो, म्हणून मी आहे’ म्हणणाऱ्या देकार्तच्या पुढं आहोत.

पाटाचं_पाणी

थांबा थांबा. मी कोल्हापूरची. आम्ही बायका ‘मी आलो’, ‘मी जेवलो’ असंच म्हणतो. माझी आई, आजी, सगळ्या. मग आमचं बाईपण दाराबाहेर राहिलं काय? पुण्यात कॉलेजला होते तेव्हा हसायच्या मला, आता बघा मीही ‘होते’ लिहिलं. घरी फोन लागला की ‘होतो’.

अबोली

हे मला सुचलंच नव्हतं, आणि तुम्ही माझं वाक्य मोडलंत ते बरं झालं. क्रियापदावरून मी घाईनं निष्कर्ष काढला. तुमच्या आजीचं ‘मी आलो’ हे तिच्या आईकडून आलंय, पुरुषाची नक्कल म्हणून नाही. म्हणजे मुरारोंच्या हिशेबानं तेच खरं मायबोलीचं रूप, आणि पुण्यात तुम्हाला हसून ते काढून घेतलं गेलं.

इटलीत पदनामांवरून मात्र खडाजंगी चालू असते. 1987 मध्ये आल्मा साबातिनींच्या सरकारी अहवालात मंत्री, वकील, महापौर यांची स्त्रीलिंगी रूपं वापरा अशी शिफारस होती. आणि 2022 मध्ये जॉर्जा मेलोनी पहिली महिला पंतप्रधान झाली तेव्हा तिच्या कार्यालयानं पुल्लिंगी रूप पसंत केलं. मिलानच्या दुकानात त्यावर जी चर्चा मी ऐकली ती रागाची नव्हती, विषादाची होती. सर्वोच्च खुर्चीवर बाई बसली, आणि शब्द मात्र पुरुषाचाच राहिला.

निळी_शाई

चर्चा वाचतेय. एक गोष्ट टोचतेय ती सांगते.

‘बाई बाईचा अधिकार मानत नाही’ यातली बाई कोणती? माझी आजी ज्या घरात धुणंभांडी करायची, तिथल्या मालकिणीचा अधिकार ती रोज मानायची, मानावाच लागायचा. आमच्या बायांच्या दृष्टीनं असमानता ही काही दडलेली गोष्ट नव्हती की ती आता शोधून काढून तिचं बळ करावं. ती पाणवठ्यावरच दिसायची. 1995 मध्ये गोपाळ गुरूंनी दलित स्त्रिया वेगळं का बोलतात यावर लिहिलं, पुढं शर्मिला रेगे यांनी तो वाद आणखी खोल नेला. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीतल्या बायकांच्या मुलाखती घेऊन 1989 मध्ये ‘आम्हीही इतिहास घडवला’ काढलं, ते बायकांनी बायकांचं ऐकणंच होतं. पण तिथं जात हा पहिला शब्द होता. तुमच्या मिलानच्या बायकांच्या घरी म्हातारीची काळजी घ्यायला कोण येतं, ते विचारा.

अबोली

येतात युक्रेनच्या, मोल्दोव्हाच्या, फिलिपिन्सच्या, पेरूच्या बायका. माझ्याच इमारतीत तिसऱ्या मजल्यावर एक आहे, रविवारची सुट्टी सोडली तर तिचे चोवीस तास त्या आजीपाशी जातात.

तुमचं म्हणणं मी टाळणार नाही. त्या पुस्तकात एवढं जरूर आहे की अन्यायातून आलेली विषमता आणि बाई-बाईतली तफावत या दोन वेगळ्या गोष्टी मानाव्यात, पहिली नष्ट करायची आणि दुसरी वापरायची. त्यांना ही तफावत कशी दिसली तेही सांगते. दुकानात काही जणी आवडत्या कादंबरीकार बायकांवर बोलत होत्या, जेन ऑस्टेन, एल्सा मोरांते, व्हर्जिनिया वुल्फ. त्यातून 1982 मध्ये ‘आपल्या सगळ्यांच्या आया’ अशा नावाची पिवळी पुस्तिका निघाली. चर्चेत काही जणींचं मत इतरांवर भारी पडायला लागलं, भांडण झालं, आणि मग एक जण म्हणाली की आया त्या लेखिका नाहीत, त्या इथं आपल्यातच आहेत, कारण आपण सगळ्या सारख्या नाही. खोलीत शांतता पसरली म्हणे. चळवळीत तोवर ‘आपण सगळ्या बहिणी’ हेच चालत होतं आणि जी थोडी पुढं जाईल तिला खाली खेचलं जात होतं.

पण ती खोली शिकलेल्या, बहुतेक मध्यमवर्गीय, गोऱ्या बायकांची होती. तिथली तफावत वाचनाची, धिटाईची, वयाची. मालकीण आणि मोलकरीण एका खोलीत आल्या तर हा विचार काय सांगतो, याचं पुरेसं उत्तर मला त्यात सापडलेलं नाही. तुमची प्रतिक्रिया मी जशीच्या तशी सांगलीला पाठवू का?

निळी_शाई

पाठवा. आणि त्या ‘150 तास’वाल्या वर्गांबद्दलही लिहा त्यांना, ते माझ्या मते या सगळ्यातलं सर्वात जिवंत. त्यात कामगार बाया होत्या.

दूर्वा

150 तास म्हणजे?

अबोली

1973 च्या करारात इटलीतल्या धातू कामगारांनी एक गोष्ट मिळवली: शिकण्यासाठी 150 तासांची पगारी रजा. कामाचं प्रशिक्षण नव्हे, ज्याला जे शिकायचं ते. मग या वर्गांना कारखान्यातल्या बायकांबरोबर गृहिणीही यायला लागल्या. मिलानच्या उत्तर टोकाला आफ्फोरी नावाचा भाग आहे, तिथं लेआ मेलांद्री शिकवायच्या. (त्या पुढं मुरारोंच्या ‘आई’च्या मांडणीपासून बऱ्याच दूर राहिल्या, तो एक वेगळाच धागा होईल.)

1987 च्या पुस्तकात अशा वर्गातल्या दोन बायकांची गोष्ट आहे, आमालिया आणि एमिलिया. एमिलियाला स्वतःच्या आयुष्याबद्दल सतत बोलायचं असायचं, पण ते जुळायचं नाही. तेच तेच सांगायची, मध्येच तुटायची, ऐकणाऱ्या कंटाळायच्या. आमालियाला लिहायला छान जमायचं. ऐकून ऐकून तिला एमिलियाची कहाणी पाठ झाली होती, म्हणून एकदा तिनं ती लिहून काढली आणि तिला दिली. एमिलियानं तो कागद कायम पर्समध्ये ठेवला. पुन्हा पुन्हा काढून वाचायची आणि भरून यायचं तिला.

एवढीच गोष्ट. काव्हारेरोंनी 1997 मध्ये तिच्यावर एक अख्खं पुस्तक उभं केलं: माणसाला आपली गोष्ट दुसऱ्याच्या तोंडून ऐकायची भूक असते. आणि कादंबरीकार एलेना फेर्रांते यांनी आपल्या व्याख्यानांत लिहिलंय की नेपल्सच्या कादंबऱ्यांतल्या लीला आणि लेनू या दोघींच्या मागे हीच एमिलिया आणि आमालिया आहेत. ज्यांनी त्या कादंबऱ्या वाचल्यात त्यांना एव्हाना आफ्फिदामेंतो कळला असेल, आणि त्यातला मत्सरसुद्धा.

विचारवेध

हे वाचल्यावर माझा आक्षेप थोडा सैल झाला, हे प्रांजळपणे सांगतो. अजून एकच प्रश्न. शरीरापासून सुरुवात करणारा हा विचार ट्रान्स स्त्रियांबद्दल काय म्हणतो?

अबोली

शरीराच्या अशा सगळ्याच प्रश्नांवर इथं दोन पिढ्यांत सरळ फूट आहे. मुरारोंनी 2016 मध्ये भाडोत्री गर्भाशयाविरुद्ध पुस्तक लिहिलं, आणि 2024 मध्ये उजव्या सरकारनं परदेशात जाऊन केलेली सरोगसीही इटालियन नागरिकांसाठी गुन्हा ठरवली. भिन्नतेच्या विचारातल्या काही बायका यामुळे नको त्या लोकांच्या शेजारी उभ्या दिसल्या. दुसरीकडे 2016 पासूनची ‘नोन उना दि मेनो’ ही तरुण चळवळ स्वतःला उघडपणे ट्रान्सस्त्रीवादी म्हणवते. मला विचाराल तर ‘स्वतःपासून निघा’ हे वाक्य खरं मानायचं असेल तर ते ट्रान्स बाईलाही तितकंच लागू आहे. तिनं काय अनुभवलं हे दुसरी बाई तिच्या वतीनं ठरवू शकत नाही. ज्येष्ठ बायकांना मी हे दुकानात बोलून दाखवलंय. एकीला पटलं नाही. पण तिनं मला खुर्ची दिली आणि पुरतं ऐकून घेतलं.

सुईदोरा

शब्द राहिला की हो. माझी सूचना: ‘हाती लागणे’. “मी तिच्या हाताखाली शिकले” म्हणतो त्यात हुकूम येतो. पण “अमकीच्या हाती लागले म्हणून निभावले” यात कसं आहे, सोपवणं आहे, नशीबही आहे, आणि तिचं कर्तबही. फक्त आपण होऊन लागायचं.

अबोली

‘आपण होऊन हाती लागणं’. ताई, हे मी आज रात्री लिहून सांगलीला पाठवते. आधीच्या सगळ्या मसुद्यात खोडून हे घालते.

दूर्वा

इतके दिवस नुसती वाचत होते. एमिलियाच्या गोष्टीनंतर राहवलं नाही. माझी आत्या 72 च्या दुष्काळात खडी फोडायला जायची. ती गोष्ट ती प्रत्येक लग्नात, प्रत्येक मयताला सांगते, आणि आम्ही उठून जातो. मागच्या रविवारी तिच्यासमोर बसून लिहून घेतली. दोन पानं झाली. मग मोठ्यानं वाचून दाखवली.

तिनं दोन दुरुस्त्या सांगितल्या. मी लिहिलं होतं की कामावर मिलोची भाकरी मिळायची. ती म्हणाली, मिलो रेशनवर, कामावर सुकडी. आणि मुकादमाचं नाव मी तीनदा लिहिलं होतं, ते सगळीकडून काढायला लावलं. त्या जागी शेजारी बसून खडी फोडणाऱ्या एका बाईचं नाव घालायला सांगितलं. मी ते नाव आजवर कधीच ऐकलं नव्हतं. म्हणाली, हातोडा कसा धरायचा ते तिनं दाखवलं, आणि हजेरीवर अंगठ्याऐवजी सही करायलाही तिनंच शिकवलं.

कागद आता तिच्या पिशवीत आहे, बँकेच्या पासबुकाच्या आत.